डलहौसीची पदवी त्याच्याबरोबरच संपली का?

आपल्या प्रश्नाचा गाभा असा आहे. औरस पुत्र नाही या कारणाने सातारा, नागपूर आणि झाशी ही राज्ये खालसा करणाऱ्या हिंदुस्थानच्या गव्हर्नर जनरलला, लॉर्ड डलहौसीला, स्वतःलाही मुलगा नव्हता, त्यामुळे त्याची पदवी त्याच्याबरोबरच संपली, असा मजकूर आपल्या वाचनात आला. पुढे शोध घेताना मात्र आपल्याला ‘सतरावे अर्ल ऑफ डलहौसी’ असे नाव सापडले, आणि ते तर आजच्या काळातले निघाले. यातले खरे कोणते, मुलगे नव्हते तर मुलींना पदवी का मिळाली नाही, आणि आपल्याकडे करतात तसे दत्तकविधान त्याने का केले नाही, असे तीन प्रश्न आपण विचारले आहेत.

पहिल्या प्रश्नाचे उत्तर असे की दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत, कारण ती एक पदवी नव्हतीच. वारसाहक्क आणि वंशावळी यांच्या कामात माझी बरीच वर्षे गेली. त्यातले काही काम आपल्याकडच्या वतनांच्या आणि इनामांच्या कागदांवर झाले, काही स्कॉटलंडमधल्या घराण्यांच्या नोंदींवर. दोन्हीकडे लोक एकच गोष्ट गृहीत धरून येतात, की पदवी ही घराण्याची असते आणि घराण्यात कोणी उरले की ती त्याच्याकडे जाते. ब्रिटिश सरदारी पदव्यांचा व्यवहार तसा चालत नाही. प्रत्येक पदवीला तिची स्वतंत्र सनद असते, त्या सनदेत ती कोणाकडे उतरावी हे लिहिलेले असते, आणि एकाच माणसाकडे चार पदव्या असतील तर त्याच्या मृत्यूनंतर त्या चार दिशांना जाऊ शकतात. म्हणून माझ्यापुढे असा प्रश्न आला की मी आधी विचारतो, नेमकी कोणती पदवी?

डलहौसीच्या बाबतीत तीन पदव्या लक्षात घ्याव्या लागतात (दर्जाने मार्क्विस वरची, अर्ल त्याखालची, बॅरन सर्वांत खालची). सर्वांत जुनी अर्ल ऑफ डलहौसी ही स्कॉटलंडची पदवी, १६३३ सालची. एडिंबरोच्या दक्षिणेला डलहौसी कॅसल हे रॅम्झी घराण्याचे ठाणे होते (आज तिथे हॉटेल आहे). या घराण्यातील जॉर्ज रॅम्झी यांना १६१८ मध्ये लॉर्ड ही पदवी मिळाली आणि त्यांचे पुत्र विल्यम यांना पहिल्या चार्ल्स राजाने १६३३ मध्ये अर्ल केले. दुसरी पदवी बॅरन डलहौसी, १८१५ सालची. ही गव्हर्नर जनरलचे वडील, नववे अर्ल जॉर्ज रॅम्झी, यांना वेलिंग्टनच्या हाताखाली स्पेनच्या मोहिमेत केलेल्या कामगिरीनंतर मिळाली. पुढे ते कॅनडात गव्हर्नर होते आणि १८३० ते १८३२ या काळात हिंदुस्थानात सरसेनापतीही होते. तिसरी पदवी मार्क्विस ऑफ डलहौसी, १८४९ सालची, पंजाब खालसा केल्याचे बक्षीस म्हणून गव्हर्नर जनरलला स्वतःला दिलेली. त्या पदवीच्या पूर्ण नावात पंजाबचाही उल्लेख आहे.

आपला डलहौसी, म्हणजे जेम्स अँड्र्यू, जन्माने वारसदार नव्हताच. तो १८१२ मध्ये जन्मलेला तिसरा मुलगा. थोरले दोघे भाऊ आधी गेले, त्यातला शेवटचा १८३२ मध्ये, आणि तेव्हापासून हा लॉर्ड रॅम्झी म्हणवला जाऊ लागला. अर्लच्या थोरल्या मुलाने वडिलांची दुय्यम पदवी केवळ मानाने लावायची असा तिथला रिवाज आहे. त्या नावाला कायद्याने सरदारकी नसते, म्हणूनच १८३७ मध्ये तो पार्लमेंटच्या कनिष्ठ सभागृहावर, म्हणजे कॉमन्स सभेवर, निवडून येऊ शकला. दुसऱ्याच वर्षी वडील वारले, पंचविसाव्या वर्षी तो दहावा अर्ल झाला, कॉमन्समधली जागा सुटली आणि सरदारांच्या वरिष्ठ सभागृहातले, म्हणजे लॉर्ड्समधले, आसन मिळाले. ते आसनही १६३३ च्या पदवीमुळे नव्हे, तर १८१५ च्या बॅरन पदवीमुळे मिळाले, हे इथेच नोंदवून ठेवतो, कारण पुढे त्याचा संबंध येणार आहे. १७०७ मध्ये स्कॉटलंड आणि इंग्लंड यांची पार्लमेंटे एक झाली, तेव्हा स्कॉटलंडच्या सगळ्या सरदारांना लॉर्ड्स सभेत जागा मिळाली नव्हती. त्यांनी आपल्यातून सोळा प्रतिनिधी निवडून पाठवायचे असे ठरले होते. ज्याच्याकडे नंतरची, संयुक्त राज्याची पदवी असेल त्यालाच हक्काने बसता येई.

आता सनदेतल्या शब्दांकडे येऊ. नवी सरदारकी देताना सनदेत बहुधा असे लिहिलेले असते की ही पदवी या गृहस्थाला आणि त्याच्या स्वतःच्या औरस संततीतील पुरुषवारसांना द्यावी. यातला ‘त्याच्या स्वतःच्या संततीतील’ हा भाग निर्णायक असतो. पदवी ज्याला प्रथम मिळाली त्याच्यापासून खाली, मुलगा, मुलाचा मुलगा, अशी मोजणी करायची. वर जाऊन भाऊ, चुलते, चुलतभाऊ यांच्याकडे वळायचे नाही. १८४९ ची मार्क्विस पदवी डलहौसीपासून सुरू झाली, आणि त्याच्या खाली पुरुष म्हणून कोणी नव्हता, तेव्हा ती १९ डिसेंबर १८६० रोजी, त्याच्या मृत्यूच्या दिवशी संपली. १८१५ ची बॅरन पदवी त्याच्या वडिलांपासून सुरू झालेली होती, परंतु वडिलांच्या मुलांपैकी हाच एक उरला होता आणि भावांच्या मागे मुलगे नव्हते, म्हणून तीही त्याच दिवशी संपली. अर्ल पदवीचा आरंभ मात्र १६३३ चा. ती अनेक पिढ्या खाली आलेली होती, आणि वरच्या पिढ्यांतून फुटलेल्या शाखा जिवंत होत्या.

आपल्यासाठी कागदावर तक्ता मांडायचा झाला तर मी आठव्या अर्लपासून सुरुवात करीन, कारण सगळी गंमत त्यांच्या मुलांमध्ये आहे. आठवे अर्ल जॉर्ज १७८७ मध्ये वारले. त्यांच्या मुलांपैकी तिघांच्या शाखा आपल्या हिशेबात येतात. थोरले जॉर्ज, म्हणजे नववे अर्ल आणि गव्हर्नर जनरलचे वडील. त्यांच्या पाठचे विल्यम. आणि धाकट्यांपैकी जॉन, जे सैन्यात जनरल होते. तक्त्यात या तिघांना एका ओळीत लिहावे आणि प्रत्येकाखाली फक्त पुरुष संतती उतरवावी. पहिल्या शाखेत शेवटचे नाव गव्हर्नर जनरलचे येते आणि तिथे १८६० मध्ये रेघ मारावी लागते. दुसरी शाखा १८७४ मध्ये थांबते. तिसरी आजही चालू आहे. आपल्याला सापडलेले सतरावे अर्ल या तिसऱ्या शाखेतले, म्हणजे डलहौसीच्या धाकट्या काकांचे वंशज आहेत. गव्हर्नर जनरलचे ते थेट वंशज नाहीत.

दुसऱ्या शाखेची हकीकत थोडी सविस्तर सांगतो, कारण वाचक सर्वाधिक गोंधळतात ते तिथे. विल्यम यांना आजीच्या माहेरची, म्हणजे मॉल घराण्याची, पॅनम्यूर आणि ब्रेचिनकडची मोठी जहागीर मिळाली आणि त्यासाठी त्यांनी मॉल हे आडनाव घेतले. मॉल घराण्याची जुनी अर्ल पदवी १७१५ च्या जेकबाइट बंडात, म्हणजे पदच्युत स्टुअर्ट राजघराण्याच्या बाजूने झालेल्या उठावात, भाग घेतल्याने १७१६ मध्ये जप्त झाली होती. म्हणजे जमीन घराण्याच्या वाटेने आली, पदवी आली नाही. विल्यम यांना १८३१ मध्ये नव्याने बॅरन पॅनम्यूर करण्यात आले. त्यांचे पुत्र फॉक्स मॉल हे क्रिमियन युद्धाच्या काळात युद्धमंत्री होते, आणि १८५२ पासून दुसरे लॉर्ड पॅनम्यूर. डिसेंबर १८६० मध्ये सख्ख्या चुलतभावाच्या मृत्यूने हे अकरावे अर्ल ऑफ डलहौसी झाले, आणि पुढल्या वर्षी त्यांनी आडनावात पुन्हा रॅम्झी जोडले. घराण्याची दोन डोकी एक झाली असे वरवर दिसते, पण पदव्यांच्या हिशेबात त्या दोन वेगळ्या वस्तू एका माणसाच्या हाती आल्या, एवढेच झाले. १८७४ मध्ये फॉक्स मॉल निपुत्रिक वारले तेव्हा त्या पुन्हा सुटल्या. पॅनम्यूरची पदवी विल्यमपासून सुरू झालेली असल्याने तिथेच संपली, आणि अर्ल पदवी तिसऱ्या शाखेकडे, जॉन यांचे पुत्र जॉर्ज रॅम्झी यांच्याकडे गेली. हे नौदलात अ‍ॅडमिरल होते.

इथे मघाशी नोंदवून ठेवलेली गोष्ट कामाला येते. फॉक्स मॉल यांना १८६० नंतरही लॉर्ड्समध्ये बसता येत होते, कारण त्यांच्याकडे पॅनम्यूरची बॅरन पदवी होती. बाराव्या अर्लकडे मात्र १६३३ ची स्कॉटिश पदवी सोडून काहीच नव्हते. १८१५ ची बॅरन पदवी १८६० मध्ये गेली, १८३१ ची १८७४ मध्ये गेली. म्हणून १८७५ मध्ये त्यांना बॅरन रॅम्झी ही तिसरी नवी पदवी देण्यात आली, आणि ती आजतागायत अर्ल पदवीबरोबर चालत आली आहे. एकाच घराण्याला साठ वर्षांत तीनदा बॅरन पदवी मिळालेली पाहून अनेक जण त्यात राजकृपेची रांग शोधतात. पहिल्या दोन पदव्या त्या-त्या माणसाच्या कर्तबगारीच्या किंवा पक्षनिष्ठेच्या खाती मांडता येतील, तिसरी मला तरी निव्वळ सोय वाटते.

१८६० च्या वारशात एक अडचण येऊ शकली असती, ती आली नाही. पदवीधारक मरण पावतो तेव्हा त्याची पत्नी गरोदर असेल तर कोणालाही लगेच वारस म्हणता येत नाही, मूल जन्मून ते मुलगा की मुलगी हे कळेपर्यंत थांबावे लागते. डलहौसीची पत्नी लेडी सुझन १८५३ मध्येच हिंदुस्थानातून मायदेशी परतताना जहाजावर वारली होती आणि त्याने पुन्हा लग्न केले नव्हते. तेव्हा कसलीही शंका न राहता अर्ल पदवी त्याच क्षणी चुलतभावाकडे गेली. यासाठी कोणी मुकुट चढवत नाही किंवा दरबार भरवत नाही. पदवी कायद्याने आपोआप उतरते, वारसाने ती सिद्ध करायची असते ती नंतर.

आता मुलींचा प्रश्न. डलहौसीला सुझन आणि एडिथ अशा दोन मुली होत्या. मुलींना ब्रिटिश सरदारकी कधीच मिळत नाही हा समज चुकीचा आहे. मिळते की नाही हे पुन्हा सनदेवर अवलंबून असते. स्कॉटलंडच्या कित्येक जुन्या पदव्या मुलींकडे जातात. १९६३ मध्ये सदरलँडचे पाचवे ड्यूक निपुत्रिक वारले तेव्हा ड्यूक पदवी दूरच्या पुरुष नातलगाकडे गेली आणि त्याच घराण्याची, त्याहून कितीतरी जुनी अर्ल पदवी पुतणीकडे गेली. एकाच दिवशी एकाच माणसाच्या दोन पदव्या दोन घरी गेल्या. आपल्या वाचकांना जवळचे उदाहरण हवे असेल तर लॉर्ड माउंटबॅटन यांचे घ्यावे. त्यांनाही डलहौसीसारख्याच दोन मुली होत्या, मुलगा नव्हता. फरक असा की त्यांच्या सनदा काढताना ही परिस्थिती समोर होती, त्यामुळे मुलगा नसल्यास पदवी मुलीकडे जावी अशी खास तरतूद त्यांत घातली गेली, आणि १९७९ मध्ये त्यांच्या हत्येनंतर थोरली मुलगी पॅट्रिशिया काउंटेस (अर्ल पदवीचे स्त्रीरूप) झाल्या. डलहौसीला १८४९ मध्ये मार्क्विस केले तेव्हा तो सदतीस वर्षांचा होता, पत्नी हयात होती, आणि मुलगा होण्याची आशा सोडण्याचे काही कारण नव्हते. सनद नेहमीच्याच शब्दांत निघाली.

पदवी गेली तरी मालमत्ता गेली नाही, हेही लक्षात ठेवावे. डलहौसीची आई क्रिस्चन ब्रून ही पूर्व लोदियनमधल्या कोल्स्टून जहागिरीची वारस होती, आणि ती जहागीर थोरल्या मुलीकडे, लेडी सुझनकडे आली. धाकटी एडिथ हिचे लग्न १८५९ मध्ये सर जेम्स फर्ग्युसन यांच्याशी झाले. हे नाव आपल्याला ओळखीचे वाटले असेल, कारण ते तेच फर्ग्युसन आहेत. १८८० ते १८८५ या काळात ते मुंबईचे गव्हर्नर होते, आणि १८८५ मध्ये डेक्कन एज्युकेशन सोसायटीने पुण्यात काढलेल्या कॉलेजला त्यांचे नाव दिले गेले. एडिथ मात्र त्याआधी, १८७१ मध्येच वारल्या होत्या. त्यांचे पुत्र सर चार्ल्स फर्ग्युसन पुढे न्यूझीलंडचे गव्हर्नर जनरल झाले आणि वडिलांची बॅरोनेट ही पदवी त्यांच्याकडे आली. म्हणजे सातारा खालसा करणाऱ्या डलहौसीचे रक्त फर्ग्युसन घराण्यात टिकले, आणि नाव मात्र चुलत्याच्या घरी टिकले. (बॅरोनेट ही पदवी वंशपरंपरेने चालत असली तरी ती सरदारकी नव्हे. मुंबईच्या जमशेटजी जीजीभाईंना १८५७ मध्ये मिळाली ती हीच. तिच्या धारकाला ‘सर’ म्हणतात, ‘लॉर्ड’ नव्हे, आणि लॉर्ड्स सभेशी तिचा कधीच संबंध नव्हता.)

दत्तकाविषयी आपण विचारले आहे ते मराठी माणसाच्या तोंडून सहज येते, कारण आपल्याकडे निपुत्रिकाने दत्तक घेणे हा वारशाचा राजमार्ग होता. डलहौसीपुढे तो मार्ग नव्हताच. कायदेशीर दत्तक ही गोष्टच इंग्लंडमध्ये १९२६ च्या कायद्याने आणि स्कॉटलंडमध्ये १९३० च्या कायद्याने अस्तित्वात आली. त्याआधी दुसऱ्याचे मूल सांभाळता येई, त्याला मृत्युपत्राने मालमत्ता देता येई, पण कायद्याच्या नजरेत ते आपले मूल होत नसे. आणि दत्तकाचे कायदे आल्यावरही सरदारकी त्यांतून वगळलेलीच राहिली. इंग्लंडच्या २००२ च्या कायद्यात स्पष्ट म्हटले आहे की दत्तकामुळे कोणत्याही पदवीच्या वारशावर परिणाम होत नाही. २००४ मध्ये राजाज्ञेने सरदारांच्या दत्तक मुलांना नावामागे मानाची उपाधी लावण्याची मुभा दिली गेली, पण वारसाहक्क दिला गेला नाही. मृत्युपत्रानेही पदवी कोणाच्या नावे करता येत नाही आणि ती विकताही येत नाही. आंतरजालावर ‘लॉर्ड व्हा’ म्हणून ज्या गोष्टी विकल्या जातात त्या सरदारक्या नसतात. त्यांत गावाच्या जुन्या जहागीरदारीचे नुसते नाव तरी असते, नाहीतर स्कॉटलंडमधला चौरस फूटभर जमिनीचा तुकडा. अशा खरेदीची कागदपत्रे घेऊन लोक माझ्याकडेही येतात, त्यांना मी पैसे मोजायच्या आधी यायला हवे होते एवढेच सांगतो.

मग साताऱ्याचे काय? आपण वाचलेल्या मजकुराचा रोख असा दिसतो की डलहौसीने आपल्याला जो नियम लावला तोच नियतीने त्याला लावला. ऐकायला हे गोड वाटते, परंतु दोन्ही बाजूंचे कागद पाहिलेल्या माणसाला ते पटत नाही. १८१९ मध्ये कंपनीने छत्रपती प्रतापसिंह महाराजांशी तह करून साताऱ्याचे राज्य त्यांना दिले, ते त्यांना आणि त्यांचे ‘वारस आणि उत्तराधिकारी’ यांना. १८३९ मध्ये त्यांना पदच्युत करून त्यांचे बंधू शहाजी ऊर्फ आप्पासाहेब महाराज यांना गादीवर बसवण्यात आले. ते एप्रिल १८४८ मध्ये निधन पावले आणि त्यापूर्वी त्यांनी दत्तक घेतला होता. त्या वेळचे मुंबईचे गव्हर्नर सर जॉर्ज क्लार्क यांचे मत असे होते की तहात वारस म्हटले आहे, आणि हिंदूंच्या धर्मशास्त्राप्रमाणे दत्तक हा वारस आहे, तेव्हा राज्य घेता येत नाही. डलहौसीने उलटा अर्थ लावला. खासगी मालमत्तेपुरता दत्तक चालेल, पण राज्य चालू ठेवण्यासाठी सार्वभौम सत्तेची मंजुरी हवी आणि ती नाकारण्याचा तिला अधिकार आहे, असे त्याने ठरवले. राज्य घेतले गेले. नागपूरचे तिसरे रघूजी भोसले डिसेंबर १८५३ मध्ये आणि झाशीचे गंगाधरराव त्याच्या आदल्या महिन्यात वारले, तिथेही असेच झाले.

म्हणजे साताऱ्याचा वाद दस्तऐवजात ‘वारस’ म्हटले आहे त्याचा अर्थ कोणाच्या कायद्याने लावायचा, हा होता. डलहौसीच्या स्वतःच्या पदव्यांबाबत असा वादच उद्भवत नव्हता, कारण सनद देणारा, घेणारा आणि तिचा अर्थ लावणारा हे तिघेही एकाच कायद्यात वाढलेले होते, आणि त्या कायद्यात दत्तक नव्हता. माझ्या मते डलहौसीवर ठेवायचा खरा आक्षेप हाच आहे, की त्याने दुसऱ्याच्या दस्तऐवजातला वारस आपल्या घरच्या मापाने मोजला. त्याची मार्क्विस पदवी संपली हा त्या अन्यायाचा हिशेब नव्हे. हिशेबच म्हणायचा झाला तर तो लगेच उलटतो. त्याच्यानंतर आलेल्या लॉर्ड कॅनिंगने १८६२ मध्ये संस्थानिकांना दत्तकाच्या सनदा देऊन ते धोरण मागे घेतले, आणि त्याच वर्षी तोही निपुत्रिक वारला. त्याची अर्ल पदवी आणि त्याला आईकडून आलेली व्हायकाउंट पदवी, दोन्ही संपल्या. घेणाऱ्याची एक पदवी तरी चुलत घरी वाचली, परत देणाऱ्याची एकही वाचली नाही.

आपण दुसऱ्या एखाद्या पदवीचा शोध घेणार असाल तर वरचे सगळे जसेच्या तसे लागू होईल असे मी म्हणणार नाही. बरेच काही परिस्थितीवर अवलंबून असते. इंग्लंडच्या काही फार जुन्या बॅरन पदव्या सनदेने नव्हे तर पार्लमेंटच्या बोलावण्याने निर्माण झाल्या. त्या मुलींकडे जाऊ शकतात, पण मुली एकाहून अधिक असतील तर कोणाच एकीकडे न जाता अधांतरी राहतात. पदवी संपणे आणि पदवी पडून राहणे यांतही फरक आहे. वारस संपले तर ती संपते, पण वारस असूनही त्याने दावा सिद्ध केला नाही तर ती नुसती पडून राहते आणि पिढ्यांनंतरही कोणी उभा राहू शकतो. आईवडिलांच्या लग्नाआधी जन्मलेल्या मुलाचा हक्क स्कॉटिश पदवीत आणि इंग्लिश पदवीत वेगळा ठरू शकतो. राजद्रोहात पदवी जप्त झाली असेल तर वंश शाबूत असूनही उपयोग नसतो. आणि १९६३ च्या कायद्याने वारसाला तहहयात पदवी नाकारण्याची मुभा मिळाली असली तरी पदवी मरत नाही, त्याच्या मृत्यूनंतर पुढच्याकडे जाते.

सिद्ध करण्याच्या कामात सर्वांत त्रासाची गोष्ट म्हणजे नसलेल्या माणसाचा पुरावा. मी अमक्याचा मुलगा आहे हे दाखवणे सोपे असते. माझ्या थोरल्या काकांच्या, आजोबांच्या थोरल्या भावाच्या, पणजोबांच्या थोरल्या भावाच्या वंशात आता एकही औरस पुरुष उरलेला नाही, हे दाखवणे कठीण असते. स्कॉटलंडमध्ये जन्म, मृत्यू आणि विवाह यांची सरकारी नोंद १८५५ पासून आहे, त्यामागे चर्चच्या नोंदवह्यांवर भिस्त ठेवावी लागते, आणि वसाहतींत किंवा समुद्रावर गेलेल्या धाकट्या मुलांचा माग तर भलत्याच ठिकाणी सापडतो. डलहौसींसारख्या सुस्थितीतल्या घराण्यात हे तुलनेने सोपे जाते, कारण त्यांचा प्रत्येक मुलगा कुठल्या ना कुठल्या सैन्याच्या यादीत असतो. २००४ पासून सरदारांची अधिकृत नोंदवही ठेवली जाते, आणि वारसाने पुरावे देऊन तिच्यात नाव नोंदवले नाही तर सरकारी कागदपत्रांत त्याला त्या पदवीने संबोधले जात नाही. लॉर्ड्स सभेतल्या आसनाचा आता याच्याशी संबंध उरलेला नाही, कारण १९९९ च्या कायद्याने वंशपरंपरागत सरदारांचा तिथे बसण्याचा आपोआप मिळणारा हक्क गेला.

बाराव्या अर्लपासून पुढे ओळ पाहायची झाली तर ती बव्हंशी सरळ आहे. तेरावे अर्ल १८८६ मध्ये थोडा काळ स्कॉटलंडचे मंत्री होते आणि १८८७ मध्ये, पत्नीच्या निधनानंतर दुसऱ्याच दिवशी, वारले. तेव्हा त्यांचा मुलगा, चौदावे अर्ल, नऊ वर्षांचा होता. पंधरावे अर्ल अविवाहित होते, म्हणून १९५० मध्ये पदवी त्यांच्या भावाकडे गेली. हे सोळावे अर्ल १९५७ ते १९६३ या काळात आफ्रिकेत ऱ्होडेशिया आणि न्यासालँड संघराज्याचे गव्हर्नर जनरल होते. १९९९ मध्ये त्यांचे पुत्र जेम्स रॅम्झी सतरावे अर्ल झाले, आणि त्यांनी २००९ ते २०२३ या काळात राजघराण्यात लॉर्ड स्टुअर्ड हे पद सांभाळले.

आपण यावर लेख लिहिणार असल्याचे म्हटले आहे, तेव्हा दोन सूचना करतो. ‘डलहौसीची पदवी संपली’ असे न लिहिता ‘मार्क्विस पदवी संपली’ असे लिहावे, आणि अर्लना क्रमांकाशिवाय उल्लेखू नये, नाहीतर नववे, दहावे आणि अकरावे हे तिघे एकमेकांत मिसळतात. पुण्याच्या पुराभिलेखागारात साताऱ्याच्या बाजूचे कागद पाहता येतील. डलहौसी घराण्याचे दप्तर एडिंबरोच्या नॅशनल रेकॉर्ड्स ऑफ स्कॉटलंडमध्ये आहे आणि ते मॉल घराण्याच्या कागदांबरोबर एकाच संग्रहात लावलेले आहे, त्यामुळे यादीत रॅम्झी या नावाखाली न सापडल्यास मॉल या नावाखाली शोधावे.